फ्लॅशकार्डांवर शरीरक्रियाशास्त्र: काही महिन्यांच्या वापरानंतर

आधी निकाल सांगून टाकते, म्हणजे ज्यांना घाई आहे त्यांना खालचं सगळं वाचायला नको. वैद्यकीय प्रवेश परीक्षेच्या जीवशास्त्रासाठी ठरावीक अंतराने परत येणारी फ्लॅशकार्डं उपयोगाची आहेत. नावं आणि आकडे यांच्यापुरती ती जशी मिळतील तशी चालतात. शरीरक्रियाशास्त्रासाठी मात्र कार्डं स्वतः लिहावी लागतात आणि प्रश्न विचारायची पद्धतच बदलावी लागते. तेवढा खटाटोप करायचा नसेल तर हृदय, फुप्फुस, किडनी ही प्रकरणं कार्डांवर घालूच नका. कोरा कागद आणि पेन्सिल बरी.

पद्धत थोडक्यात अशी. कार्डाच्या एका बाजूला प्रश्न, मागे उत्तर. उत्तर आठवलं की कार्ड काही दिवसांनी परत येतं, पुन्हा आठवलं की आणखी लांब जातं, चुकलं की उद्या परत दारात उभं. सेबास्टियन लाइटनर या पत्रकाराने १९७२ मध्ये हेच खोक्यातल्या कप्प्यांनी करून दाखवलं होतं. आता हिशेब अ‍ॅप ठेवतं. त्यातलं सगळ्यांच्या ओळखीचं अँकी, २००६ पासूनचं. मी तेच वापरते, पण इथे लिहिलेलं बरंचसं कागदी कार्डांनाही लागू पडेल.

याला आधार आहे का, हा प्रश्न मला सुरुवातीला पडला होता. आहे. रोडिगर आणि कार्पिक यांनी २००६ मध्ये विद्यार्थ्यांवर केलेला प्रयोग प्रसिद्ध आहे: पाच मिनिटांनी विचारलं तर उतारा पुन्हा वाचणारे पुढे, आठवड्याने विचारलं तर न बघता आठवून लिहिणारे पुढे. म्हणजे धडा चौथ्यांदा वाचताना जे ‘येतंय की’ असं वाटतं, ते त्या पाच मिनिटांचं असतं. दुसरा आधार एबिंगहाउसचा, १८८५ चा विस्मरणाचा आलेख. तो प्रत्येक अ‍ॅपच्या जाहिरातीत असतो. पण तो आलेख त्याने स्वतःवर, आणि मुद्दाम अर्थहीन अक्षरसमूह पाठ करून काढला होता, हे जाहिरातीत नसतं. शरीरक्रियाशास्त्र अर्थहीन नाही. तिथे एक गोष्ट दुसरीला धरून असते आणि ती साखळी कळली असेल तर विसरणंही त्या वेगाने होत नाही. माझ्या सगळ्या अनुभवाचा गाभा इथेच आहे, म्हणून पुढे यावरच जास्त लिहिते.

तयार डेकचं, म्हणजे दुसऱ्या कोणी करून ठेवलेल्या कार्डांच्या संचाचं, आधी उरकते. असा एक भलामोठा डेक उतरवून घेतला होता. कोणी केला ते माहीत नाही, नावही देत नाही. वर्गीकरण, विकरं, जीवनसत्त्वं, हाडांची संख्या, शास्त्रज्ञ आणि शोध यांसाठी झकास. पण त्यात जिभेचा चव-नकाशाही होता, टोकाला गोड आणि मागे कडू, जो चुकीचा आहे. सगळ्या चवी जिभेच्या सगळ्या संवेदनशील भागांत कळतात. ‘आर्टरीतून ऑक्सिजनयुक्त रक्त वाहतं’ असंही एक कार्ड होतं. मग पल्मनरी आर्टरीचं काय? हृदयापासून दूर नेते ती आर्टरी, रक्त कसलंही असो. अशी कार्डं घातक असतात, कारण पद्धत चांगली आहे: ती चूकही तितक्याच पक्केपणाने डोक्यात बसवते. आणखी एक भानगड आकड्यांची. नेफ्रॉनच्या (किडनीतल्या गाळणाऱ्या एककाच्या) सुरुवातीच्या वळणदार नलिकेत किती पाणी आणि क्षार परत शोषले जातात? काही पुस्तकं ६५ टक्के म्हणतात, काही ७० ते ८०. परदेशी डेकमधला आकडा आणि तुमच्या नेमलेल्या पुस्तकातला आकडा वेगळा असेल, तर परीक्षेपुरतं नेमलेलं पुस्तक खरं. डेक घेतलात तर पुस्तक शेजारी ठेवून तपासत जा. त्या तपासणीतच निम्मी उजळणी होते, हा अनपेक्षित फायदा.

आता किडनी, आणि रक्तदाब उतरला की ती सुरू करते ती साखळी. ‘रेनिन कुठून स्रवतं?’ या कार्डाला ‘किडनीतल्या जेजी पेशी’ हे उत्तर माझ्याकडून कधी चुकत नव्हतं. ‘एसीई हे विकर कुठे असतं?’ ‘मुख्यतः फुप्फुसातल्या केशिकांच्या अस्तरात.’ ‘अँजिओटेन्सिनोजेन?’ ‘यकृत.’ सगळी कार्डं हिरवी, पुढची तारीख महिन्याभराने. आणि तरी सराव परीक्षेत ‘खूप रक्तस्राव झालेल्या माणसाच्या लघवीत सोडियमचं काय होईल’ म्हटलं की गाडी अडायची. कारण सुटे दाणे पाठ होते, दोरा कुठल्याच कार्डावर नव्हता. दाब उतरला, किडनीकडे येणारं रक्त कमी झालं, रेनिन वाढलं, त्याने अँजिओटेन्सिन एक, एसीईने त्याचं दोन, त्याने रक्तवाहिन्या आवळल्या आणि अ‍ॅड्रिनलच्या कवचातून अल्डोस्टेरॉन सोडवलं, त्याने नलिकेच्या शेवटच्या भागात सोडियम परत ओढलं. म्हणजे लघवीत सोडियम कमी, पोटॅशियम जास्त. हे सात-आठ टप्पे एका दमात म्हणता येणं आणि प्रत्येकाचं नाव सुटं माहीत असणं, यांत फार अंतर आहे.

तेव्हापासून शरीरक्रियेच्या कार्डांचा माझा नियम: प्रश्न ‘काय’ किंवा ‘कुठे’ने सुरू होऊ द्यायचा नाही. काहीतरी बदलायचं आणि परिणाम विचारायचा. उत्तरात आधी दिशा, मग कारण. दिशा बरोबर पण कारण अर्धवट असेल तर कार्ड चूक धरायचं. हे कडक वाटेल, पण वाढेल-घटेल असे दोनच पर्याय असताना नुसत्या अंदाजानेही निम्मी उत्तरं बरोबर येतात.

नमुन्यादाखल माझी आवडती जोडी. ग्लोमेरुलसकडे (रक्त गाळणाऱ्या केशिकांच्या गुच्छाकडे) येणारी धमनिका आवळली तर जीएफआर, म्हणजे गाळण्याचा वेग? घटतो, कारण आतला दाबच उतरतो. बाहेर जाणारी थोडी आवळली तर? वाढतो, कारण रक्त मागे तुंबतं, जरी किडनीतून वाहणारं एकूण रक्त कमी होत असलं तरी. ही दोन कार्डं एकापाठोपाठ आली की फरक हाताला लागतो. जीएफआर मिनिटाला साधारण १२५ मिली, म्हणजे दिवसाला १८० लिटर, हा आकडाही वेगळ्या कार्डावर पाठ करायला लागत नाही. १८० लिटर गाळलं आणि बाहेर दीड लिटर आलं, तर ९९ टक्के परत गेलं, हा गुणाकार-भागाकार स्वतःच एक प्रश्न आहे. एडीएचचं (शरीरात पाणी राखणाऱ्या हॉर्मोनचं) कार्ड असंच: दारू प्यायल्यावर लघवी जास्त का? अल्कोहोल एडीएच दाबतं, संग्राहक नलिकेतून पाणी परत जात नाही.

हृदयासाठी हा साचा सगळ्यात छान चालला. हृदयचक्र ०.८ सेकंदाचं, त्यातलं अलिंदांचं (वरच्या कप्प्यांचं) आकुंचन ०.१, निलयांचं (खालच्यांचं) ०.३, बाकी ०.४ सगळे कप्पे शिथिल. हे तीन आकडे सगळ्यांनाच येतात. कार्डावर मी विचारते: ठोके मिनिटाला ७५ ऐवजी १५० झाले, तर वेळ कुणाचा कापला जाईल? चक्र ०.४ सेकंदावर आलं. आकुंचन फारसं आखडत नाही, कात्री लागते ती शिथिल अवस्थेला. आणि डाव्या निलयाच्या स्नायूला स्वतःचं रक्त मुख्यतः त्याच अवस्थेत मिळतं. एका कार्डातून तीन धडे.

ऑक्सिजनच्या वक्राचं (ऑक्सिजनच्या कुठल्या दाबाला हिमोग्लोबिन किती टक्के भरलेलं असतं, तो आलेख) मात्र कार्डांनी भागलं नाही. एस आकाराचा वक्र, उजवीकडे सरकवणारे घटक (कार्बन डायऑक्साइड, आम्लता, तापमान, लाल पेशींतलं बीपीजी), कार्बन डायऑक्साइडचा हा परिणाम दाखवणारा क्रिस्टियान बोर, १९०४ हे सगळं कार्डांवर होतं. पण वक्र हाताने काढून त्यावर ४० आणि १०० (मिमी पारा) या आंशिक दाबांशी सुमारे ७५ आणि ९७ टक्के अशा खुणा केल्याशिवाय, वरचा सपाट भाग का महत्त्वाचा ते कळत नाही. दाब १०० वरून ६० पर्यंत घसरला तरी संपृक्तता ९० च्या आसपास राहते. त्याखाली मात्र वक्र घसरगुंडी धरतो. म्हणून आता कार्डावर फक्त ‘वक्र काढ, मग गर्भाच्या हिमोग्लोबिनचा त्याच अक्षांवर काढ’ एवढंच लिहिलेलं असतं आणि शेजारी कागद असतो. वेळ लागतो, पण अशी कार्डं मोजकीच आहेत. मासिक पाळीतल्या हॉर्मोन्सचे आलेख, क्रियाविभव (चेतापेशीतला विद्युत-संदेश) आणि सार्कोमिअर (स्नायूच्या आकुंचनाचं एकक) यांनाही हाच न्याय. सार्कोमिअर आकुंचन पावताना ए पट्टा तेवढाच राहतो, आय पट्टा आणि एच क्षेत्र आखडतात, हे दोनदा काढलं की पाठ करावंच लागत नाही. (जाता जाता: १९५४ मध्ये हा सरकत्या तंतूंचा सिद्धांत दोन गटांनी एकाच वेळी मांडला आणि दोन्हीकडे एक-एक हक्सली होता, एकमेकांचे कुणी न लागणारे.)

फुप्फुसांच्या आकारमानांची चार कार्डं पुरतात: नेहमीच्या श्वासाचे ५०० मिली, वर ओढता येणारे २५०० ते ३०००, जोर लावून सोडता येणारे १००० ते ११००, आणि काही केलं तरी आत राहणारे ११०० ते १२००. क्षमता बेरजेने काढायच्या. एक कार्ड जरूर घाला: स्पायरोमीटरने काय मोजता येत नाही? आत उरलेली हवा, आणि म्हणून ती ज्या-ज्या बेरजेत येते ते सगळं.

तोटे. कामाचे दिवस चुकले की थकबाकी साचते आणि ती बघूनच अ‍ॅप उघडावंसं वाटत नाही. यावर माझ्याकडे एकच उपाय आहे: थकबाकी उतरेपर्यंत नवीन कार्डं शून्य. नवीन कार्डं घालताना उत्साह फार असतो आणि त्याची किंमत दोन आठवड्यांनी कळते. दुसरा तोटा जास्त छुपा: काही महिन्यांनी कार्ड चेहऱ्यावरून ओळखू येतं. पहिले दोन शब्द दिसले की उत्तर तोंडात, प्रश्न वाचलाच नाही. जुन्या कार्डांची भाषा मी अधूनमधून बदलते, कधी उत्तराचाच प्रश्न करते. ‘एटीपी संपलं तर स्नायूतल्या मायोसिनचं डोकं सुटेल की नाही’ याऐवजी ‘मृत्यूनंतर शरीर का ताठरतं’. उत्तर एकच: सुटायलाच एटीपी लागतं.

आनुवंशिकतेची गणितं आणि वंशवृक्ष यांसाठी कार्डं निरुपयोगी. तिथे गणितं सोडवा, बस्स. वनस्पतिशास्त्रातली उदाहरणं आणि अपवाद यांसाठी उलट कार्डांसारखं दुसरं काही नाही.

फरक काय पडला? सरळ माहितीचे प्रश्न जवळजवळ विचार न करता सुटतात आणि तो वाचलेला वेळ लांब प्रश्नांना मिळतो. दोन विधानं देऊन त्यांचं नातं विचारणाऱ्या प्रश्नांत जी सुधारणा झाली, ती साखळीच्या कार्डांमुळे आणि कागदावरच्या आकृत्यांमुळे. तयार डेकच्या काळात ते प्रश्न तसेच अडत होते. परीक्षेला थोडे महिने उरले असतील आणि एकही कार्ड लिहिलेलं नसेल, तर आता मोठा डेक उघडू नका. सराव परीक्षेत चुकलेल्या प्रश्नांचीच कार्डं करा, तेवढी झेपतात. वेळ असेल तर प्रकरण आधी कागदावर बाणांनी काढा आणि कार्डं त्या बाणांवर लिहा, चौकटींवर नाही.

माझा डेक हवा असेल तर देईन. किडनीचा भाग काढून देईन, तेवढा स्वतः लिहा.