आईचं काम शिकायचं तर तिसरी डिस्क लावा: कौरिसमाकीचा डीव्हीडी संच

क्रायटेरियन या अमेरिकन डीव्हीडी कंपनीच्या एक्लिप्स मालिकेतला हा बारावा संच, २००८ साली निघालेला. आकी कौरिसमाकी या फिन्निश दिग्दर्शकाचे तीन चित्रपट, तीन डिस्क: 'शॅडोज इन पॅरडाइज' (१९८६), 'एरियल' (१९८८) आणि 'द मॅच फॅक्टरी गर्ल' (१९९०). तिन्ही मिळून पावणेचार तासही होत नाहीत. इंदुरात राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी करणाऱ्या मंडळींनी हा संच घ्यायचा तो तिसऱ्या डिस्कसाठी. तीही नायिका काती औतिनेनसाठी नव्हे, तिच्या आईसाठी.

आई केली आहे एलिना सालोने. जन्म १९३६चा. हेलसिंकीत स्वीडिश भाषेत नाटकं करणाऱ्या 'लिला टेआटर्न'ची ही नटी. कौरिसमाकीने तिला बहुधा दुय्यम भूमिकाच दिल्या: १९८७च्या हॅम्लेटमध्ये गर्ट्रूड, १९९६च्या 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'मध्ये रेस्टॉरंटची मालकीण, २०११च्या 'ल हाव्र'मध्ये बारवाली, आणि तीही फ्रेंचमध्ये. मूमिन कार्टूनच्या फिन्निश आवृत्तीतल्या तुरतुरीत, भांडखोर लिटल मायचा आवाज याच बाईचा आहे, हे कळल्यावर तिसरी डिस्क पुन्हा लावावीशी वाटते.

कारण इथे ती जवळजवळ गप्प आहे. चित्रपट सुरू होतो तो ओंडक्यापासून काडेपेटीपर्यंतच्या यंत्रांवर, आणि पहिला संवाद यायला दहा मिनिटांहून जास्त वेळ लागतो. इंदुरातल्या 'सानंद' या संस्थेच्या मराठी नाटकांच्या खेळांना सरावलेल्या प्रेक्षकाला हे जड जाईल, पण पुढे ढकलू नका. दिवसभर कारखान्यात राबलेली मुलगी घरी येऊन स्वयंपाक करते, टीव्हीवर बातम्या चालू असतात, आणि जेवताना आई काट्याने मुलीच्याच ताटलीतला तुकडा उचलते. बस, एवढंच. पुढे मुलगी पगारातून ड्रेस घेते. सावत्र बाप (एस्को निक्कारी) थोबाडीत मारतो आणि आई ड्रेस परत करायला सांगते. आवाज चढत नाही, डोळ्यांत पाणी नाही. आपल्याकडे आईच्या कामात पदर डोळ्याला लागलाच पाहिजे, अशा समजुतीच्या नटांना हे दोन प्रसंग सक्तीने दाखवावेत. आधी आवाज बंद ठेवून, स्टॉपवॉच लावून पॉज मोजायचे. मग आवाजासकट.

पॉज मोजायचे असतील तर डिस्कची पद्धत महत्त्वाची. डिस्कच्या दोन चित्रपद्धती असतात: युरोपातली आणि आपल्याकडची पाल, अमेरिकेतली एनटीएससी. सेकंदाला २४ चौकटींचा चित्रपट पाल डिस्कवर बहुधा २५ने पळवतात. ६९ मिनिटांचं काम ६६त उरकतं आणि आवाजाची पट्टीही किंचित चढते. हा संच अमेरिकन, म्हणजे एनटीएससी, त्यामुळे वेळ मूळचाच राहतो. एनटीएससीत कॅमेरा हळू सरकताना बारीक हिसके दिसतात, पण कौरिसमाकीचा कॅमेरा फारसा हलतच नाही.

खरी अडचण रीजनची, म्हणजे डिस्क जगाच्या कुठल्या भागातल्या प्लेअरवर चालेल हे ठरवणाऱ्या कुलपाची. संच रीजन १चा, आपल्याकडचे प्लेअर रीजन ५चे. डिस्क फिरते, रीजन चुकल्याची पाटी येते आणि सगळं थांबतं. ऑल-रीजन प्लेअर असेल तर प्रश्नच नाही. लॅपटॉपवर लावणार असाल तर ड्राइव्हचा रीजन एकूण पाचदाच बदलता येतो आणि पाचवा कायमचा. म्हणून इंदूरच्या जेल रोडवरच्या बाजारातून वेगळा यूएसबी ड्राइव्ह घ्या, डिव्हाइस मॅनेजरमध्ये ड्राइव्हच्या प्रॉपर्टीज उघडून एकदाच रीजन १ करा आणि तो याच कामाला ठेवा. डिस्क फिरू लागून मध्येच बंद पडत असेल, तर बहुतेक वेळा यूएसबीतून वीज कमी पडत असते. दोन तोंडांची वायर किंवा स्वतःचा अडॅप्टर असलेला हब लावा.

उणिवाही आहेत. मुलाखत नाही, पडद्यामागचं काही नाही, ही मालिकाच तशी काटकसरीची. सबटायटल्स इंग्रजी. मंडळातल्या ज्येष्ठांसाठी संवादांचा मराठी पाठ आधीच कागदावर काढून द्या, संवाद इतके थोडे आहेत की फार वेळ जाणार नाही. मागवताना टपालखर्च आणि सीमाशुल्क हिशेबात धरा. डिस्क घरगुती वापरापुरती आहे, सभागृहात जाहीर खेळ लावायचा तर हक्क वेगळे घ्यावे लागतील.

सालोचं बोलकं काम हवं असेल तर हा संच उपयोगाचा नाही. त्यासाठी 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' शोधा. तो यात नाही, आणि ब्रिटिश डिस्क मिळाली तर ती रीजन २ची, शिवाय पाल असेल.