फेरफाराच्या तक्रारीवरील सुनावणी: मंडळ कार्यालय आणि उपविभागीय कार्यालय यांचा अनुभव

यवतमाळ जिल्ह्यातील आमच्या गावी काकांच्या निधनानंतर त्यांच्या वावरावर वारसांची नावे चढण्याआधीच एका नातेवाइकाने जुन्या घरगुती वाटणीपत्राच्या आधारे स्वतःचे नाव लावण्यासाठी, म्हणजे फेरफारासाठी (जमिनीच्या नोंदीतील नावबदल), अर्ज केला आणि काकूंनी त्यास लेखी हरकत घेतली. त्यानंतर महसूल खात्याकडून सुनावणीची जी सेवा मिळाली, तिचे हे परीक्षण आहे.

हरकत नोंदवण्याचे काम नीट झाले. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५० प्रमाणे हरकत तोंडी असो वा लेखी, तलाठ्याने (आता ग्राम महसूल अधिकारी) ती तक्रार नोंदवहीत घेऊन लगेच पोच द्यायची असते. ती आम्हाला मागावीही लागली नाही.

मंडळ स्तरावरील (काही गावांच्या गटाच्या महसूल कार्यालयातील) सुनावणी मात्र अत्यंत निराशाजनक ठरली. नोटीस काकूंच्या हाती पडलीच नाही. नंतर नक्कल काढली तेव्हा तिच्या पाठीमागे ‘घरास कुलूप, दारास डकवली’ एवढाच शेरा दिसला, ना वेळ, ना पंचांच्या सह्या. कापसाची वेचणी चालू असताना दिवसा गावातल्या निम्म्या घरांना कुलूप असते, हे त्या गावात रोज फिरणाऱ्या कर्मचाऱ्याला कोणी सांगायला हवे काय? आदेशात ‘तक्रारदार गैरहजर, म्हणणे नाही’ असे लिहून नातेवाइकाच्या नावाची नोंद प्रमाणित केली होती. हरकतीत काकूंनी वाटणीपत्रावरील काकांच्या सहीबद्दल स्पष्ट शंका घेतली होती, पण त्या मुद्द्यावर आदेशात एक ओळही नव्हती. कायद्याने अशा तक्रारी शक्यतो एका वर्षात निकाली काढायच्या असतात, त्यामुळे घाई करण्याचे कारणच नव्हते. फेरफाराने मालकी ठरत नाही, ती दिवाणी न्यायालय ठरवते, हे खरे असले तरी पीककर्ज आणि नुकसानभरपाई सातबाऱ्यावरील नावानेच मिळते. म्हणून एकट्या पडलेल्या बाईसाठी ही नोंद म्हणजे पुढचा हंगाम असतो.

कलम २४७ खाली ६० दिवसांच्या आत उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील केले. तिथली सुनावणी कशी असावी याचा नमुना म्हणावी अशी होती. नोटीस दोन्ही पक्षांना पुरेशी आधी मिळाली. समोरच्याने दाखल केलेल्या प्रत्येक कागदाची प्रत आम्हाला देण्यास सांगितले गेले आणि ती वाचून उत्तर देण्यासाठी पुढची तारीख मिळाली. साहेबांनी काकूंना वकिलामार्फत नव्हे तर थेट विचारले, ‘बाई, तुमचं म्हणणं काय आहे ते सांगा,’ आणि त्या अडखळत बोलत असताना मध्येच तोडले नाही. जे लिहून घेतले ते पेशकारांनी (सुनावणीचे काम पाहणारे कारकून) वाचून दाखवले, मगच रोजनाम्यावर (सुनावणीच्या कामकाजाची नोंद) काकूंचा अंगठा घेतला. समोरच्या पक्षालाही तेवढाच वेळ दिला गेला, हेही मी मुद्दाम नमूद करतो.

अंतिम निकाल अजून काकूंच्या बाजूने लागलेला नाही. नोटिशीची बजावणी सिद्ध होत नाही आणि हरकतीचा विचार झालेला नाही, ही दोन कारणे लिहून मंडळ स्तरावरचा आदेश रद्द करण्यात आला व प्रकरण फेरचौकशीसाठी परत पाठवले गेले. तरीही काकू समाधानाने घरी आल्या, कारण आदेशात त्यांचे म्हणणे त्यांच्याच शब्दांत उतरले होते आणि ते का ग्राह्य धरले हेही लिहिले होते.

उणिवाही आहेत. पुकारा होईपर्यंत म्हाताऱ्या माणसांना व्हरांड्यात उभे राहावे लागते, आणि आदेशाची नक्कल मिळायला फार वेळ लागला. अपिलाची मुदत मोजताना नक्कल मिळवण्यास लागलेला वेळ वगळला जात असला, तरी नक्कल अडकली की कास्तकाराचे कामही अडकते, म्हणून नक्कल विभागाकडे वरिष्ठांनी लक्ष द्यावे.

मंडळ स्तरावरील सेवेला पाचपैकी एक आणि उपविभागीय कार्यालयाला चार गुण देतो. ज्यांची तक्रार प्रलंबित आहे त्यांनी हरकतीची पोच जपून ठेवावी, ‘आपली चावडी’ या सरकारी संकेतस्थळावर फेरफाराची स्थिती पाहत राहावी आणि एकतर्फी आदेश झाल्यास सर्वांत आधी नोटीस बजावणीच्या अहवालाची नक्कल मागावी. आमच्या अपिलात तोच कागद निर्णायक ठरला.