घरकर्ज : पाच वर्षं फेडलं, मग बदललं

मी यवतमाळ जिल्ह्यात दारव्हा तालुक्यातल्या एका खेड्यात राहते. घरी दळणाची गिरणी आणि मिरची-हळदीचं कांडप आहे, अडीच एकर कोरडवाहू शेत आहे आणि गावातल्या एका बचत गटाचा हिशेब गेली अकरा वर्षं माझ्याकडे आहे. ज्या घरात बसून हे लिहिते आहे ते २०१९ साली एका खासगी गृहवित्त कंपनीच्या कर्जावर बांधलं. हे परीक्षण त्या कर्जाचं आहे. कंपनीचं नाव घेत नाही. मला सांगायचा आहे तो कर्जाचा हिशेब, आणि तो कोणत्याही कंपनीच्या कागदाला लावून पाहता येईल.

आधी चांगलं सांगते, कारण ते खरं आहे. आमचं जुनं घर कवेलूचं, मातीच्या भिंतींचं. पावसाळ्यात रात्री उठून गंज-भगोणी गळतीखाली लावायची. घरकुलाच्या यादीत नाव नव्हतं. तालुक्याच्या सरकारी बँकेत गेलो तर त्यांनी दोन प्रश्न विचारले : जागेचं एन.ए., म्हणजे बिगरशेतीचा कागद, आहे का, आणि तीन वर्षांचे आयकर रिटर्न आहेत का. जागा गावठाणातली, हातात ग्रामपंचायतीचा नमुना आठ, म्हणजे घरपट्टीचा उतारा, आणि रिटर्न आम्ही कधी भरलेच नव्हते. बँकेने हात जोडले. ही कंपनी मात्र नमुना आठवर कर्ज द्यायला तयार झाली. त्यांचा माणूस मोटारसायकलवर घरी आला, गिरणीवर दोन तास बसून किती दळण येतं ते त्याने मोजलं, माझी वही पाहिली आणि त्यावरून आमचं उत्पन्न धरलं. माझ्या वहीला कोणी पुरावा मानलं, ते पहिल्यांदा. हे मी विसरणार नाही.

दर सांगितला बारा टक्के, बदलता. गटात आम्ही महिन्याला दोन टक्के घेतो, म्हणजे वर्षाचे चोवीस. त्यामुळे बारा ऐकून मला ते स्वस्तच वाटलं. माझी पहिली चूक इथे झाली. गटातली बाई वीस हजार उचलते आणि दहा-बारा महिन्यांत फेडते. इथे मुदत पंधरा वर्षांची होती. दर निम्मा, पण काळ पंधरापट. मी दराकडे पाहिलं, काळाकडे पाहिलंच नाही. तो माणूसही म्हणत होता, "ताई, हप्ता जमते का तेवढं पाहा, बाकीचं आमच्यावर सोडा जी."

आम्हाला आठ लाख हवे होते. करारावर आकडा आला ८,३६,००० चा. वरचे ३६ हजार म्हणजे यांच्या, माझ्या नवऱ्याच्या, नावाच्या आयुर्विम्याचा एकरकमी हप्ता. तो रोख मागितला असता तर मी दहा वेळा विचार केला असता. कर्जातच मिसळल्यामुळे खिशातून काही गेल्यासारखं वाटलं नाही. पण त्या ३६ हजारांमुळे महिन्याचा हप्ता ४३२ रुपयांनी वाढला, आणि १८० महिन्यांचे ते होतात ७७,७६०. विमा असावा, मी त्याच्या विरोधात नाही. घरचा कमावता माणूस गेला तर कर्ज पोरांच्या डोक्यावर राहू नये. पण तो वर्षाच्या वर्षाला वेगळा काढता येतो, आणि तो कुठून घ्यायचा ते आपण ठरवू शकतो, हे त्या दिवशी कोणी बोललं नाही. प्रक्रिया शुल्क दोन टक्के आणि त्यावर जीएसटी, म्हणजे १९,७३० रुपये, हेही ८,३६,००० वर लागलं. विम्याच्या पैशावरसुद्धा प्रक्रिया शुल्क.

मग बांधकाम सुरू झालं. आमच्याकडे काळी माती. उन्हाळ्यात भेगा पडतात, पावसात फुगते, म्हणून पाया खोल न्यावा लागतो आणि कॉलम घ्यावे लागतात. पैसे तीन टप्प्यांत मिळाले, फेब्रुवारी, एप्रिल आणि जूनमध्ये. जेवढे पैसे उचलले तेवढ्याचं नुसतं व्याज दर महिन्याला भरायचं. त्याला ते प्री-ईएमआय म्हणतात. यातून मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. स्लॅब जूनच्या सुरुवातीला पडला, पण काम पूर्ण झाल्याची पाहणी करायला त्यांचा अधिकारी आला ऑगस्टच्या शेवटी. फेब्रुवारी ते ऑगस्ट मिळून ४४,५२० रुपये नुसत्या व्याजाचे गेले, त्यातले २५,०८० शेवटच्या तीन महिन्यांचे. घर बांधणाऱ्यांना मी कळकळीने सांगते, शेवटची उचल झाली की पाहणीसाठी रोज फोन करा. तो उशीर आपल्या खर्चाने होत असतो.

सप्टेंबर २०१९ पासून खरा हप्ता सुरू झाला, १०,०३३ रुपये. बारा टक्के म्हणजे महिन्याला एक टक्का, त्यामुळे हिशेब पाटीवरही करता येतो. ८,३६,००० चा एक टक्का ८,३६० रुपये. म्हणजे पहिल्या १०,०३३ मधून ८,३६० व्याजात गेले आणि मुद्दल उतरलं १,६७३ ने. गटाचं रजिस्टर मी दर महिन्याला लिहिते, व्याज वेगळं, मुद्दल वेगळं, आणि स्वतःच्या घराच्या कर्जाचं हे गणित साडेचार वर्षं मांडलं नाही. हप्ता गेला की मोबाईलवर संदेश यायचा, मी कॅलेंडरवर बरोबरची खूण करायची.

मधल्या काळात कोविड आला. मार्च ते ऑगस्ट २०२० हप्ता थांबवायची सवलत होती. गिरणी सुरू होती, म्हणून आम्ही थांबवला नाही. त्या महिन्यांचं व्याज माफ नव्हतं, ते पुढे मुद्दलात चढणार होतं. ज्यांचं काम बंद पडलं त्यांच्यापुढे दुसरा इलाज नव्हता, त्यांना मी नावं ठेवणार नाही.

जानेवारी २०२४ मध्ये गटाच्या बँक कर्जासाठी माझ्या घरकर्जाचा उतारा लागला. यवतमाळच्या ऑफिसात जाऊन तो काढला आणि एसटीत बसून वाचला. ५३ हप्ते भरून झाले होते, एकूण ५,३१,७४९ रुपये. शिल्लक मुद्दल सुमारे ७,३७,०००. सव्वापाच लाखांवर पैसे देऊन मुद्दल उतरलं होतं ९९ हजारांनी. आणि शेवटच्या हप्त्याची तारीख, जी करारावर ऑगस्ट २०३४ होती, ती फेब्रुवारी २०३७ झाली होती. मी पुन्हा पुन्हा वाचलं. मला वाटलं दुसऱ्या कोणाचा कागद दिला.

झालं होतं ते असं. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो, वाढवायला घेतला. चार टक्क्यांवरून ऑगस्टपर्यंत ५.४० आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५०. आमच्या कंपनीने सप्टेंबर २०२२ पासून आमचा दर साडेतेरा केला. हप्ता तेवढाच ठेवला आणि मुदत वाढवली. तीस हप्ते जास्त. जवळपास तीन लाख रुपये. ऑफिसातले साहेब म्हणाले, "हप्ता वाढला नाही ना तुमचा, मग त्रास कशाचा?" इंग्रजीत एक संदेश पाठवला होता म्हणे. तो मी जुन्या मोबाईलमध्ये शोधला. होता.

ज्या आकड्याने मला रात्रभर झोप आली नाही तो आता सांगते. दर वाढला त्या दिवशी मुदत तशीच ठेवून हप्ता वाढवला असता, तर तो १०,७३८ झाला असता. महिन्याला ७०५ रुपये जास्त. १४४ महिन्यांचे ते लाखाच्या थोडे वर होतात. मुदत वाढल्यामुळे तेच ओझं तीन लाखांच्या घरात गेलं. ७०५ रुपये म्हणजे दिवसाला साडेतेवीस, सहा किलो दळणाचे पैसे. ते मी दिले असते. मला कोणी विचारलं असतं तर मी हो म्हटलं असतं.

घरी येऊन सासूबाईंना सगळं वाचून दाखवलं. करारात मुळात १८० हप्त्यांचे १८,०५,९४० द्यायचे होते आणि आता त्यावर आणखी तीन लाख. त्या म्हणाल्या, "बाप्पा! इतल्या पैशात तं दुसरं घर झालं असतं वं." त्या शाळेत गेलेल्या नाहीत, पण बेरीज त्यांची बरोबर होती.

पुढचे सहा महिने मी याच कामाला लागले. रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक आहे, बँका आणि गृहवित्त कंपन्या दोघांनाही लागू. दर बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत, की थोडं थोडं दोन्ही, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यायचा आहे. मी त्याचा हवाला देऊन मराठीत अर्ज केला. उत्तर आलं की शुल्क भरा, दर पावणेतेरा करून देतो. म्हणजे दर कमी करणं त्यांच्या हातात होतं, फक्त मागितल्याशिवाय मिळणार नव्हतं.

मी शुल्क भरलं नाही. मधल्या काळात आमच्याकडे दोन गोष्टी बदलल्या होत्या. २०२० मध्ये सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत गावठाणाची ड्रोनने मोजणी झाली होती आणि घराची सनद, म्हणजे मालकीचा सरकारी कागद, आमच्या हातात आली होती. आणि २०२१ पासून मी गिरणीचे रिटर्न भरायला लागले होते. कर काही लागत नाही, पण कागद तयार होतो. हे दोन कागद घेऊन त्याच सरकारी बँकेत गेले, जिने २०१९ मध्ये नाही म्हटलं होतं. या वेळी खुर्ची मिळाली.

जुलै २०२४ मध्ये शिल्लक ७,२६,००० च्या आसपास असताना कर्ज तिकडे नेलं. दर ९.४०, रेपोशी जोडलेला. मॅनेजरबाई म्हणाल्या, दहा वर्षं घ्या, हप्ता ९,३५९ येईल. मी नऊ वर्षं मागितली, हप्ता ९,९९२. जुन्या हप्त्यापेक्षा ४१ रुपये कमी, आणि शेवट फेब्रुवारी २०३७ ऐवजी जुलै २०३३. पुढे भरायच्या एकूण पैशांत फरक ४,३०,००० च्या वर. कर्ज हलवायला प्रक्रिया शुल्क, वकील, मूल्यांकन आणि मुद्रांक मिळून मला १७,४०० लागले. जुन्या कंपनीने आधी दोन टक्के फोरक्लोजर, म्हणजे मुदतीआधी कर्ज बंद करण्याचा दंड, सांगितलं. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून तो दंड घेता येत नाही, हे लेखी दिल्यावर त्यांनी तो मागे घेतला. मूळ कागद तीस दिवसांत द्यायचे असतात, उशीर त्यांच्याकडून झाला तर दिवसाला ५,००० रुपये त्यांनी द्यायचे, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. आमचे चोविसाव्या दिवशी निघाले.

रेपोशी जोडल्याचा उपयोग २०२५ मध्ये दिसला. रेपो वर्षभरात ६.५० वरून ५.२५ वर आला आणि आमचा दर ९.४० वरून ८.१५ झाला, अर्ज न करता. हप्ता मी तोच ठेवायला लावला. उद्या रेपो वाढला तर आमचाही वाढेल, ते मला ठाऊक आहे. पण वाढतो कशामुळे आणि किती, ते बातमीत ऐकू येतं.

फेब्रुवारी २०२५ मध्ये कापसाचे ४० हजार मुद्दलात भरले. त्याने शेवटचे आठ हप्ते गेले. शेतीचा पैसा वर्षातून एकदाच येतो आणि हप्ता महिन्याला लागतो, हे आमच्या भागातलं खरं दुखणं आहे. जुन्या कर्जात तीनदा हप्ता परत गेला, प्रत्येक वेळी ५०० आणि जीएसटी. म्हणून आता दोन हप्त्यांएवढे पैसे खात्यात कायम ठेवते आणि वेचणीनंतर जे उरेल ते मुद्दलात. भरताना अर्जावर "मुद्दलात जमा, हप्ता तोच, मुदत कमी" असं लिहून शिक्का घेते. नाहीतर हप्ता कमी करून मुदत तशीच राहू शकते.

गुण द्यायचे तर कंपनीच्या घरी येऊन उत्पन्न पाहण्याला पाचपैकी पाच. हिशेब समजावण्याला शून्य. माझ्यासारख्या कागद नसलेल्या माणसाने हे कर्ज घेऊ नये असं मी म्हणत नाही. मीही पुन्हा घेतलं असतं, कारण २०१९ मध्ये दुसरं दार उघडं नव्हतं. पण पहिल्या महिन्यापासून कागद जमवायला लागले असते आणि तीन वर्षांत बाहेर पडले असते.

१ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांना मुख्य तथ्य पत्रक द्यावं लागतं, आपल्याला कळेल त्या भाषेत. त्यात शुल्क आणि विमा धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो आणि हप्त्यागणिक व्याज-मुद्दलाचा तक्ता जोडलेला असतो. आमच्या गटातली एक ताई येत्या मंगळवारी अशाच एका कर्जाच्या सहीला दारव्ह्याला जाणार आहे. मी तिच्यासोबत जाते आहे. तिला सांगून ठेवलं आहे, तो तक्ता मराठीत हातात पडेपर्यंत आणि त्यातला पहिला आणि शेवटचा हप्ता मी वाचून दाखवेपर्यंत पेन काढायचा नाही.