सुलकाटा कासव: एकच पाळावं की जोडी?

"जोडीच न्या, एकटं कंटाळेल," असं दुकानदार सांगतो. घरातली वडीलधारी मंडळी भर घालतात, जोडी शुभ असते. सुलकाटा, म्हणजे आफ्रिकेतलं जमिनीवरचं मोठं कासव, घ्यायचंच ठरलं असेल, तर दोघांचंही ऐकू नका.

कासवाला सोबत लागत नाही. एकट्या सुलकाटाचा 'राग' म्हणून जे दिसतं, ते बहुतेक वेळा राग नसतोच. हात लावला की फुस्स आवाज येतो, कारण मान आत ओढताना छातीतली हवा बाहेर पडते. जाळीचं कुंपण असेल तर पलीकडचं दिसतं आणि ते दिवसभर धडका देत राहतं. तिथे विटांचं बुटकं पण भक्कम कुंपण घाला, धडका बऱ्याच कमी होतात. अंगण उकरणं मात्र थांबणार नाही. सोलापूरच्या उन्हाळ्यात ते बीळ त्याला लागतंच, त्यामुळे गच्चीवर सुलकाटा पाळायचा विचार सोडा.

जोडीत खरी गोम वेगळीच आहे. पिल्लू नर की मादी हे कवच साधारण फूटभर होईपर्यंत बाहेरून नीट कळत नाही. म्हणजे दुकानातली 'जोडी' हा निव्वळ अंदाज. दोन्ही नर निघाले तर गळ्याखालचा कवचाचा पुढे आलेला भाग दुसऱ्याच्या खाली घालून ते एकमेकांना उलथवतात. मे महिन्यात, दुपारी दोनच्या उन्हात उताणं पडलेलं कासव सरळ होऊ शकलं नाही तर जीवानिशी जातं. नर-मादी असतील तर नर तिच्याभोवती घिरट्या घालतो, पायांना चावतो. एकाच अंगणात तिला पळायला जागा उरत नाही.

त्याहून फसवी असते ती बिनआवाजाची दादागिरी. एक दुसऱ्याच्या पाठीवर चढून बसतं, आपण 'किती माया!' म्हणत फोटो काढतो. ते खाण्यासमोर ठाण मांडतं, सावलीची जागा अडवतं, दुसरं जाईल तिकडे मागे लागतं. काही महिन्यांनी एक थोराड, दुसरं किडकिडीत. हे दिसलं की गवत आणि निवडुंगाची पानं दोन ठिकाणी टाकून भागत नाही. मधे आरपार न दिसणारी भिंत हवी आणि सावलीही दोन हव्यात.

बाकी हिशेब सोपा आहे. थोराड नर 40 किलोंच्या पुढे जातो, आयुष्य सहज माणसाएवढं. वन्यजीव कायद्याच्या 2022 च्या दुरुस्तीनंतर या परदेशी कासवाची नोंदणी केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाच्या परिवेश पोर्टलवर करावी लागते, तीही प्रत्येकाची. (आपलं देशी तारा कासव तर याच कायद्याच्या अनुसूची 1 मध्ये, म्हणजे सर्वाधिक संरक्षण असलेल्या यादीत आहे, ते घरी ठेवणं गुन्हा.)

दोन आधीच आणली असतील तर आजच वेगळी करा. भांडतात म्हणून एकाला सोलापूरच्या सिद्धेश्वर तलावात नेऊन सोडू नका. हे जमिनीवरचं कासव आहे, पोहता येत नाही, बुडेल.