एव्ह्रो शॅकल्टन: चार अवतारांचं परीक्षण, आणि त्यातलं खरं कामाचं एमआर २

ब्रिटनच्या रॉयल एअर फोर्सनं १९५१ साली सेवेत घेतलेलं एव्ह्रो शॅकल्टन हे समुद्रावर गस्त घालून पाणबुड्या शोधणारं विमान १९९१ साली निवृत्त झालं. चाळीस वर्षं एकाच सांगाड्यावर काढली, म्हणून या विमानाचं सरसकट कौतुक होतं. पण एकूण १८५ शॅकल्टन बांधली गेली आणि ती सगळी सारख्या गुणाची नव्हती. आमचं मत सुरुवातीलाच सांगतो: एमआर १ (एमआर म्हणजे समुद्री टेहळणीची आवृत्ती) अपुरं होतं, एमआर २ जमून आलेलं होतं, एमआर ३ बसायला सगळ्यात चांगलं पण अंगावर पेलवेना इतकं वजन घेतलेलं होतं, आणि एईडब्ल्यू २ (हवेतून रडारनं धोका लवकर हेरणारी आवृत्ती) ही काटकसरीपोटी केलेली तडजोड होती. ती तडजोड वीस वर्षं चालली याचं श्रेय विमानापेक्षा ते उडवणाऱ्यांना आणि दुरुस्त करणाऱ्यांना द्यायला हवं.

आधी हे विमान लागलं कशाला? दुसऱ्या महायुद्धात अटलांटिकवर जर्मन पाणबुड्या शोधायचं लांब पल्ल्याचं काम ब्रिटननं मुख्यतः अमेरिकन लिबरेटर विमानांवर भागवलं. ती लेंड-लीज करारातली, म्हणजे युद्धापुरती अमेरिकेनं उसनी दिलेली होती. युद्ध संपताच हा आधार गेला आणि रॉयल एअर फोर्सच्या समुद्री गस्तीच्या शाखेला, कोस्टल कमांडला, लँकॅस्टर बॉम्बरवर वेळ मारून न्यावी लागली. एव्ह्रो कंपनीचे मुख्य रचनाकार रॉय चॅडविक यांनी लिंकन बॉम्बरचे पंख आणि चाकांची यंत्रणा घेऊन त्यावर आखूड, रुंद आणि उंच असं नवं धड बसवलं. पहिलं नमुना विमान व्हीडब्ल्यू१२६ हे ९ मार्च १९४९ रोजी उडालं. चॅडविक ते पाहू शकले नाहीत. २३ ऑगस्ट १९४७ रोजी वुडफर्डला ट्यूडर विमानाच्या चाचणीत ते गेले. त्या विमानात एलेरॉनच्या (विमान कलवणाऱ्या, पंखांच्या कडेच्या झडपांच्या) केबल उलट जोडल्या गेल्या होत्या. पुढे स्कॉटलंडमधल्या किनलॉस तळावर १२० व्या स्क्वॉड्रननं शॅकल्टन वापरात आणलं.

लिबरेटरचा धागा आपल्याकडेही आहे. पुण्याच्या लोहगाव तळावर भारतीय वायुसेनेचं सहावं स्क्वॉड्रन त्याच काळात लिबरेटरवरून समुद्री टेहळणी करत होतं, आणि पुढे हे काम सुपर कॉन्स्टेलेशन विमानांकडे गेलं. त्यातलं एक सुपर कॉन्स्टेलेशन गोव्यात दाबोळीच्या नौदल विमान संग्रहालयात उभं आहे. ते जवळून पाहिलं की लांब पल्ल्याच्या गस्तीला केवढं धड लागतं याचा अंदाज येतो.

आता इंजिनं. शॅकल्टनचा जीव आणि शॅकल्टनचं दुखणं, दोन्ही इथेच. चार रोल्स-रॉइस ग्रिफन, प्रत्येक १२ सिलेंडरचं, साधारण ३७ लिटरचं, उड्डाणाच्या वेळी सुमारे २,४५० अश्वशक्ती देणारं. एवढी ताकद एका प्रोपेलरनं पचवायची तर त्याचा व्यास फार वाढतो. म्हणून प्रत्येक इंजिनावर एकामागे एक असे दोन तीन-पात्यांचे प्रोपेलर बसवले, व्यास सुमारे चार मीटर, आणि दोन्ही एकमेकांच्या उलट दिशेनं फिरणारे. याचा मोठा फायदा म्हणजे प्रोपेलरच्या ओढीमुळे विमान धावपट्टीवर एका अंगाला पळत नाही. शेपटीखाली चाक असलेल्या जड विमानात याचं मोल फार आहे.

तोटा मात्र यंत्राच्या पोटात दडलेला होता. मागच्या प्रोपेलरच्या पात्यांचा कोन बदलला की तो बदल पुढच्या प्रोपेलरपर्यंत पोचवायला मध्ये ट्रान्स्लेशन युनिट असतं. मागचा प्रोपेलर एका दिशेला आणि पुढचा दुसऱ्या दिशेला फिरत असताना कोन सारखा ठेवायचा, म्हणजे त्या युनिटच्या बेअरिंगवर सतत ताण. हे बेअरिंग गेलं की पुढच्या पात्यांवरचा ताबा सुटतो, पाती बारीक कोनाकडे जातात, फेरे मर्यादेबाहेर जातात, आणि मग प्रोपेलर फेदर करून, म्हणजे पाती वाऱ्याला समांतर वळवून, शांत करणंही हातात राहत नाही. जानेवारी १९६४ मध्ये इन्व्हर्नेसजवळ कलोडनच्या माळावर एक एमआर ३ आदळलं, तेही इंजिनाचे फेरे हाताबाहेर जाऊन आग लागल्यानंतरच. विमान जळालं, माणसं वाचली. असा दोष देखभालीनं कमी होतो, जात नाही. ज्यांनी ही इंजिनं सांभाळली त्यांच्याबद्दल आम्हाला मनापासून आदर आहे.

दुसरी अडचण साधी, पण रोजची. प्रत्येक सिलेंडरला दोन प्लग, म्हणजे एका इंजिनाला २४ आणि विमानाला ९६. गस्तीवर इंजिनं तासन् तास कमी ताकदीवर चालवायची आणि पेट्रोल शिसंयुक्त. सिलेंडर पुरेसं तापत नाही, शिशाची पुटं प्लगवर बसतात आणि ठिणगी चुकायला लागते. उपाय एवढाच, की अधूनमधून ताकद वाढवून प्लग जाळून साफ करायचे. म्हणजेच ज्या इंधनबचतीसाठी सावकाश उडायचं, तिच्यातलाच थोडा वाटा प्लगना द्यायचा. जेट इंजिनवाल्यांना हे कळणार नाही, पण १४-१५ तासांच्या गस्तीचा हिशेब असल्याच गोष्टींवर बसतो.

एमआर १ मध्ये रडार नाकाखाली होतं. तिथून पुढचं दिसे, मागचं धडाआड जाई. शिवाय पाण्यालगत उडताना समुद्रपक्षी तिथेच आपटत. एमआर २ मध्ये रडार बॉम्बच्या कप्प्याच्या मागे, खाली-वर होणाऱ्या घुमटात नेलं. शोधाच्या वेळी खाली सोडलं की चहूकडचं दिसतं, उतरण्याआधी आठवणीनं वर ओढून घ्यायचं. नाक लांबवून त्यात खाली निशाण घेणाऱ्याची पालथं झोपायची जागा आणि वर २० मिलिमीटरच्या दोन तोफा बसल्या. शेपटीच्या टोकाला पारदर्शक शंकू आला, तिथून बॉम्ब कुठे पडला ते नीट बघता आणि टिपता येई. शेपटीखालची दोन चाकं आत जाणारी केली. यातली एकही सुधारणा दिखाऊ नाही. प्रत्येकीमागे एमआर १ वर अडलेलं एखादं काम आहे, आणि म्हणूनच हे मॉडेल आम्हाला सगळ्यात पटतं.

पाणबुडी शोधायची रीत तेव्हा डोळे, रडार आणि नाक अशी तिन्हीची होती. नाक म्हणजे ऑटोलायकस. डिझेल पाणबुडी नळी वर काढून इंजिनं चालवते, तिचा धूर हवेत राहतो, आणि ही पेटी ते कण हुंगते. कल्पना उत्तम, पण व्यापारी जहाजांचा धूरही तिला तसाच वाटे. रहदारीच्या समुद्रात ती फार भरवशाची नव्हती. अणुशक्तीवर चालणारी पाणबुडी धूरच सोडत नाही, तिथे तर प्रश्नच मिटला. पाण्यात टाकून पाणबुडीचा आवाज ऐकायचे सोनोबॉय, पाण्याखालचे बॉम्ब, ध्वनीमागे जाणारे टॉर्पेडो हे सगळं लांबलचक कप्प्यात मावे. त्या कप्प्याचा खरा उपयोग आम्हाला बचावकार्यात दिसतो. लिंडहोम संच नावाच्या नळकांड्या असत: एकात आपोआप फुगणारी रबरी होडी, बाकीच्यांत कपडे आणि अन्न, सगळ्या तरंगत्या दोरीनं एकमेकींना बांधलेल्या. त्या बुडणाऱ्यांच्या वाऱ्याकडच्या अंगाला, दोरी वाऱ्याला आडवी पडेल अशा टाकायच्या. मग वारा होडीला माणसांपर्यंत आणतो आणि पोहणाऱ्याला निदान दोरी तरी सापडते.

आतली सोय? पंखांचे मुख्य स्पार, म्हणजे भार पेलणारे आडवे दांडे, थेट धडातून आरपार गेलेले. कॉकपिटमधून मागे जायचं तर ते ओलांडून जायचं, अंगावर जाड कपडे, खाली थरथरती जमीन. हवा दाबबंद नाही. दहाजणांच्या चमूसाठी स्वयंपाकाचा कोपरा आणि आडवं व्हायला जागा होती, हे त्या काळच्या बॉम्बरांच्या मानानं पुष्कळच. पण आवाज! आठ प्रोपेलर कानाच्या रेषेत घुमत असत, आणि वर्षानुवर्षं या विमानात काढलेल्या अनेकांची वरच्या पट्टीतले आवाज ऐकण्याची शक्ती कायमची गेली. या एका बाबतीत शॅकल्टनला माफी नाही. कानांच्या रक्षणाचा विचार पहिल्या आराखड्यातच व्हायला हवा होता.

एमआर ३ नं तो विचार केला. आवाज अडवणारे थर, बरं स्वयंपाकघर, चांगल्या जागा, कॉकपिटवर सलग काच, पंखांच्या टोकांना इंधनाच्या टाक्या, आणि मुख्य म्हणजे नाकाखाली चाक. उतरणं सोपं झालं. पाठीवरचा तोफांचा बुरूज गेला. पण सुरुवातच वाईट झाली. ७ डिसेंबर १९५६ रोजी डब्ल्यूआर९७० हे विमान स्टॉलच्या (वेग घटून पंखांची उचल संपण्याच्या) चाचणीत डर्बीशायरमधल्या फूलो गावाजवळ कोसळलं आणि चौघे गेले. त्यानंतर दर फेरबदलात उपकरणं वाढत गेली. एमआर १ चं कमाल वजन सुमारे ३९ टन होतं, एमआर ३ चं ४५, आणि तिसऱ्या टप्प्यातल्या सुधारणांनंतर ४९ च्या आसपास. पंख मात्र मुळात लिंकनचेच. एवढं वजन उचलायला बाहेरच्या दोन्ही इंजिनांमागे एकेक व्हायपर जेट बसवलं. ते विमानातलंच पेट्रोल पिऊन उड्डाणाच्या वेळी थोडी मिनिटं जोर देई. धावपट्टीचा प्रश्न सुटला, पण स्पारवरचा ताण आणखी वाढला. १९६९ पासून निमरॉड जेट येऊ लागताच एमआर ३ आधी बाद झालं आणि त्याच्यापेक्षा जुनं एमआर २ मागे उरलं. सोय वाढवताना सांगाड्याचं आयुष्य मोजलं नाही तर काय होतं, याचा इतका उघड पुरावा विमानांच्या जगात क्वचित मिळतो.

दक्षिण आफ्रिकेनं आठ एमआर ३ घेतली आणि केप टाउनच्या ३५ व्या स्क्वॉड्रननं ती १९८४ पर्यंत चालवली, त्यासाठी दोन विमानांचे स्पार बदलावे लागले. तिथल्या १७१६ क्रमांकाच्या विमानाचा शेवट ठाऊक असलेला बरा. डागडुजी करून ते जुलै १९९४ मध्ये ब्रिटनला निघालं होतं. वाटेत उजव्या बाजूची दोन्ही इंजिनं गेली आणि रात्री सहारात पोटावर उतरावं लागलं. आतले १९ जण सगळे वाचले.

या विमानांनी गस्त घातलेला समुद्र आपल्या शेजारचाही होता. सिंगापूरच्या चांगी तळावरचं २०५ वं स्क्वॉड्रन मालदीवमधल्या गान बेटावर विमानं ठेवत असे. एडनहून ३७ वं स्क्वॉड्रन काम करी. १९६६ पासून मादागास्करच्या माजुंगाहून उडून, मोझांबिकच्या बैरा बंदराकडे जाणाऱ्या तेलवाहू जहाजांवर नजर ठेवली जाई. एका जागी तासन् तास घिरट्या घालणं हेच तिथलं काम, आणि त्यासाठी सावकाश उडणारं विमानच बरं.

शेवटचा अवतार एईडब्ल्यू २. विमानवाहू जहाजांवरची गॅनेट विमानं जाणार म्हणून त्यांची एपीएस-२० रडारं काढून १२ एमआर २ वर, पुन्हा नाकाखाली बसवली. आठवं स्क्वॉड्रन १ जानेवारी १९७२ पासून ती वापरू लागलं, पुढे लॉसिमथहून. रडारची जडणघडण १९४० च्या दशकातली. समुद्रावर ते काम देई, जमिनीवरून मात्र परतणाऱ्या प्रतिध्वनींत कमी उंचीवरचं लक्ष्य हरवे, आणि पडद्यावरचा ठिपका माणसांनीच डोळ्यांनी धरून ठेवायचा. निमरॉडची नवी आवृत्ती येईपर्यंतची सोय म्हणून आणलेली ही विमानं, ती योजनाच डिसेंबर १९८६ मध्ये रद्द झाल्यानं बोइंगचं सेंट्री हे रडारचं विमान येईस्तोवर राबली. ३० एप्रिल १९९० रोजी डब्ल्यूआर९६५ हॅरिस बेटावरच्या डोंगराला धडकलं आणि दहाजण गेले. त्या जीवांची किंमत या काटकसरीच्या हिशेबात धरायला हवी.

प्रत्यक्ष पाहायचं असेल तर इंग्लंडमध्ये नेवार्कला आणि गॅटविकजवळच्या संग्रहालयात एमआर ३ आहेत, केप टाउनला येस्टरप्लाटमध्ये १७२२ आहे, तर अमेरिकेत टूसॉनच्या पिमा संग्रहालयात एईडब्ल्यू २. आत जायला मिळालं तर आधी स्पार ओलांडून बघा, मग बाहेर येऊन बाहेरच्या इंजिनांच्या मागच्या टोकाला जेटचं तोंड दिसतं का ते पाहा. दिसलं तर ते तिसऱ्या टप्प्याचं एमआर ३. मॉडेल बांधणाऱ्यांसाठी १:७२ मध्ये एअरफिक्सचं एमआर २ आणि रेव्हेलचं एमआर ३ निघालं आहे. पंखांचा पसारा अर्ध्या मीटरच्या वर जातो, कपाट मोजूनच पेटी घ्या. एमआर ३ च्या नाकात धड बंद करण्याआधी वजन भरा, नाहीतर मॉडेल शेपटीवर बसेल. एमआर २ ला त्याची गरज नाही. पुढच्या आणि मागच्या प्रोपेलरच्या पात्यांचा पीळ एकमेकांच्या उलट असतो. साच्यातून कापतानाच दोन ढीग वेगळे करा आणि डिंक लावण्याआधी चारही जोड्या शेजारी ठेवून तपासा.