नावाचा माग काढणारे संकेतस्थळ : ‘बिहाइंड द नेम’

व्यक्तिनामांचे अर्थ सांगणारी अ‍ॅप्स आणि संकेतस्थळे आज पैशाला पासरी झाली आहेत. त्यांची रचना बहुधा एकसारखीच असते : डावीकडे नाव, उजवीकडे दोन-तीन शब्दांचा अर्थ, आणि सोबत एखादा शुभांक. तो अर्थ कोणत्या भाषेतला आहे, नाव कोणत्या घटकांचे बनले आहे, ते प्रथम कोणत्या काळात आढळते, यातले काहीही तिथे दिलेले नसते. त्यामुळे सांगितलेला अर्थ खरा की कुणी मनाने जोडलेला, हे ताडून पाहण्याचा कोणताही मार्ग वाचकाकडे उरत नाही. माइक कॅम्पबेल यांनी १९९६ मध्ये सुरू केलेले ‘बिहाइंड द नेम’ हे संकेतस्थळ या गर्दीत ठळकपणे वेगळे उठून दिसते. नावांच्या व्युत्पत्तीबद्दल मनापासून कुतूहल असणाऱ्याने सर्वांत आधी इथेच यावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

असे कोणतेही साधन पारखायचे असेल, तर मी त्यात प्रथम ‘व्हनेसा’ हे नाव शोधतो. बहुतेक अ‍ॅप्स या नावापुढे ‘ग्रीक भाषेत फुलपाखरू’ असे लिहून मोकळी होतात. वास्तविक हे नाव जोनाथन स्विफ्ट या लेखकाने एका कवितेसाठी घडवले. एस्थर व्हॅनहॉमरी ही त्याची निकटची मैत्रीण होती. तिच्या आडनावाचा पहिला भाग आणि तिच्या नावाचा लाडका संक्षेप जोडून त्याने ‘व्हनेसा’ बनवले, आणि ती कविता १७२६ मध्ये छापली गेली. फुलपाखरांच्या एका प्रजातीसमूहाला फाब्रिसियस या कीटकशास्त्रज्ञाने हे नाव दिले ते १८०७ मध्ये, म्हणजे कवितेनंतर सुमारे ऐंशी वर्षांनी. नाव आधीचे आणि फुलपाखरू नंतरचे, हा क्रम उलटा केल्यामुळेच तो खोटा ग्रीक अर्थ जन्माला आला असावा. ‘बिहाइंड द नेम’वरील नोंद थोडक्यात असली, तरी स्विफ्ट, कविता, मैत्रीण आणि नंतरचे फुलपाखरू हे सारे तिथे योग्य क्रमाने येते.

प्रत्येक नोंदीत नाव कोणत्या भाषांत वापरले जाते, मूळ लिपीत ते कसे लिहितात, उच्चार कसा करतात, अर्थ आणि इतिहास काय, आणि इतर भाषांतली त्याची भावंडे कोणती, ही माहिती ठरावीक क्रमाने दिलेली असते. मला सर्वांत मोलाची वाटते ती अर्थ-इतिहासाच्या मजकुरातली भाषा. ‘मेरी’ या नावाचे उदाहरण घेता येईल. हे नाव हिब्रू ‘मिर्याम’पासून आले, इथवर वाद नाही, पण ‘मिर्याम’चा अर्थ निश्चित नाही. कडवटपणा, बंडखोरी, हवेसे वाटणारे मूल असे अनेक तर्क मांडले गेले आहेत, आणि मूळ प्राचीन इजिप्तच्या भाषेतल्या ‘प्रिय’ या अर्थाच्या धातूत असण्याचीही शक्यता सांगितली जाते. या संकेतस्थळावर हे तर्क तर्क म्हणूनच येतात आणि अर्थ निश्चित नसल्याचे आधीच सांगितलेले असते. बाळासाठी नाव शोधणाऱ्या आईवडिलांना असे उत्तर अपुरे वाटेल, हे मी समजू शकतो. पण एखाद्या गोड अर्थाची खोटी खात्री देण्यापेक्षा हा प्रामाणिकपणा कितीतरी बरा.

एकसारख्या ऐकू येणाऱ्या, पण वेगवेगळ्या मुळांच्या नावांची गल्लत न करणे हे या साधनाचे दुसरे बलस्थान आहे. ‘तारा’ हे नाव संस्कृतात नक्षत्रवाचक शब्दावरून आले, तर आयर्लंडमध्ये ते प्राचीन राजांच्या टेकडीच्या नावावरून. या दोन नावांचा परस्परांशी काडीचाही संबंध नाही, आणि म्हणून त्यांच्या नोंदीही वेगळे क्रमांक देऊन स्वतंत्र ठेवलेल्या आहेत. ‘नाओमी’ हिब्रूत ‘प्रसन्नता’ या अर्थाने येते. जपानीत याच उच्चाराचे नाव पूर्णपणे स्वतंत्रपणे तयार झाले आहे. दोन्ही नावे एका ओळीत कोंबून दोन्ही अर्थ स्वल्पविरामाने जोडणारी अ‍ॅप्स मी पाहिली आहेत, आणि त्यातून होणारा गैरसमज दूर करणे फार कठीण जाते.

माझा सर्वाधिक वेळ मात्र अर्थावरून नावे शोधण्याच्या सोयीने घेतला. ‘देवाने दिलेला’ ही एकच कल्पना घेतली, तरी नावांची केवढी मोठी रांग समोर उभी राहते : संस्कृतात देवदत्त, ग्रीकमध्ये थिओडोरस, लॅटिनमध्ये देओदातुस, फ्रेंचमध्ये द्यूदोने, स्लाव भाषांत बोग्दान, फारसीत खुदादाद, हिब्रूत जोनाथन आणि नथानिएल. थिओडोरसचे रशियन रूप फ्योदोर, आणि तेच दोन ग्रीक घटक उलट क्रमाने जोडले की डोरोथी. या रांगेत कल्पना समान असली, तरी शब्दांचे नाते सरसकट समान नाही, आणि खरी गंमत तिथेच आहे. ‘दत्त’ आणि ग्रीक ‘दोरोन’ हे दोन्ही देण्याच्या एकाच प्राचीन धातूतून आले आहेत. ‘देव’ आणि लॅटिन ‘देउस’ हेही सख्खे आहेत. पण ऐकायला ‘देउस’च्या इतका जवळ वाटणारा ग्रीक ‘थेओस’ त्या घराण्यातला नाहीच. ग्रीकमध्ये त्या मुळाचा वारसा ‘झ्यूस’ या देवनामात आहे. बोग्दानमधल्या ‘बोग’चे नाते तर थेट ‘भगवान’मधल्या ‘भग’शी पोचते. नोंदीत घटक सुटे करून दाखवलेले असल्यामुळे असा माग काढण्याची सुरुवात वाचकाला स्वतःच करता येते.

घटक सुटे करून दाखवण्याचा आणखी एक लाभ जुन्या जर्मानिक, म्हणजे जर्मन-इंग्रजीच्या भाषाकुळातल्या, नावांबाबत कळतो. सहाव्या शतकात आजच्या फ्रान्सच्या भागात राज्य करणाऱ्या फ्रँक लोकांची राणी फ्रेडेगुंड हिच्या नावात ‘शांती’ आणि ‘युद्ध’ हे दोन शब्द शेजारी बसले आहेत. ‘शांतीचे युद्ध’ किंवा ‘युद्धातून शांती’ असा एकसंध अर्थ त्यातून काढू पाहणे व्यर्थ आहे. या परंपरेत आईवडिलांच्या नावांतले तुकडे घेऊन मुलाचे नाव जुळवण्याची पद्धत होती. अकराव्या शतकात इंग्लंडमधील वूस्टरचे बिशप असलेल्या वुल्फस्टनच्या वडिलांचे नाव एथेलस्टन आणि आईचे वुल्फगिफू. आईकडून ‘लांडगा’ आणि वडिलांकडून ‘दगड’ घेऊन त्याचे नाव तयार झाले. लांडग्याचा दगडाशी काय संबंध, हा प्रश्नच तिथे गैरलागू आहे. नावाने सांगायचे होते ते घराण्याचे नाते.

एकाच नावाची निरनिराळ्या भाषांतली रूपे वंशवृक्षासारख्या आकृतीत पाहता येतात. योहानान या हिब्रू नावापासून जॉन, ज्याँ, हुआन, जोव्हान्नी, इव्हान, शॉन, हान्स इथवरचा प्रवास त्यात नजरेत भरतो. लोकप्रियतेचे आलेखही आहेत. अमेरिकेची आकडेवारी १८८० पासूनची मिळते.

नाव-अर्थ अशा शब्दकोशाच्या साच्यालाच काही परंपरांमध्ये मर्यादा पडतात, आणि हे ध्यानात ठेवून कोणतेही साधन वापरायला हवे. जपानीत ‘युकिको’ या नावाचा अर्थ काय, असे नुसत्या उच्चारावरून विचारता येत नाही. पहिले चिन्ह हिमाचे लिहिले की ‘हिमकन्या’, सुखाचे लिहिले की ‘सुखकन्या’. अरबीतले ‘अब्दुल’ हे तर मुळात अपुरे आहे : त्याचा शब्दशः अर्थ ‘…चा सेवक’ असा होतो, आणि पुढे ईश्वराचे एखादे नाम आल्याशिवाय ते पूर्ण होत नाही. घानातील अकान समाजात कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला मुलगा आणि क्वामे म्हणजे शनिवारी जन्मलेला. नायजेरियातील योरुबा समाजात जुळ्यांमध्ये आधी जन्मणारा तो ताइवो, जगाची चव घ्यायला पुढे आलेला, आणि मागून येणारा तो केहिंदे. तरीही परंपरेने थोरला मानतात तो केहिंदेलाच. अशा नावांचा अर्थ एका ओळीत नेमका सांगता येतो, पण तो कुणाला, कधी आणि का लागू पडतो हे सांगितल्याशिवाय नाव समजत नाही. त्यामुळे अशा नोंदींत मी वापराविषयीचा मजकूर अर्थाच्या आधी वाचतो.

नव्या वाचकाने एक फरक मात्र सुरुवातीलाच समजून घ्यावा. संपादकीय हात फिरलेल्या मुख्य नोंदी वेगळ्या आहेत आणि वाचकांनी पाठवलेल्या नावांचा विभाग वेगळा. दुसऱ्या विभागात जगभरातली असंख्य दुर्मीळ नावे सापडतात, पण तिथला मजकूर पाठवणाऱ्याच्या माहितीइतकाच भरवशाचा असतो. तो धागा म्हणून घ्यावा आणि त्या भाषेच्या चांगल्या कोशात पडताळून पाहावा. सगळा मजकूर इंग्रजीत आहे आणि व्युत्पत्तिशास्त्राच्या काही संज्ञाही येतात, तरी वाक्ये सुटसुटीत असल्यामुळे अडखळायला होत नाही. आडनावांसाठी त्यांचे स्वतंत्र संकेतस्थळ आहे. तिथे युरोपातल्या व्यवसायवाचक आणि ग्रामवाचक आडनावांचा भाग मला विशेष वाचनीय वाटला. स्मिथ, श्मिट, कोवाल्स्की, फेरारी आणि लफेव्र ही सगळी लोहाराच्या किंवा लोखंडाच्या कामाशी निगडित आडनावे आहेत, हे पाहण्यासाठी तरी तिथे एक फेरी अवश्य मारावी.