पाणी लावू नका, तेज जातं

दर शनिवारी रात्री कोथरूडला आमचा चौघांचा खेळ रंगतो. फासे, कागद, चहाचे दोन राउंड आणि मी रचलेलं एक जग. त्या जगात सांजमणी नावाचा स्फटिक आहे. विहिरीत सोडला की पाणी काठावरची जुनी बोलणी परत ऐकवतं. जखमेवर धरला तर जखम बुजते, पण ती कशी झाली हे माणूस विसरतो. दर वापराला त्याची एक पाकळी गळते. सगळ्या गळल्या की उरतो नुसता पांढरा गोळा. हे एवढं सविस्तर सांगतोय, कारण मला फसवणाऱ्याला गोष्ट रचावीच लागली नाही. सगळा माल मी पुरवला.

शेवटच्या डावाला टेबलावर ठेवायला खराखुरा खडा हवा होता. सांजमणी मला सुचला तोच कॅव्हनसाइट या निळ्या खनिजावरून. कॅल्शियम, व्हॅनेडियम, सिलिकेट यांचे तुकडे जोडून केलेलं हे नाव. हे खनिज आधी सापडलं अमेरिकेत, ओरेगॉनला, पण जगभरचे संग्राहक हेवा करतात तो आपल्या वाघोलीच्या खाणींतल्या नमुन्यांचा. काळ्या बेसॉल्टच्या पोकळीत, स्टिल्बाइट नावाच्या पांढरट खनिजावर उमललेली गडद निळी फुलं. पुण्यात राहून ते विकत मिळणार नाही तर कुठे, असा माझा हिशोब.

रविवारी जुन्या बाजारात एका काकांकडे गारगोट्या मांडलेल्या दिसल्या. निळा गोळा उचलला तेव्हा भाव होता चार हजार. "कशासाठी पाहिजे, साहेब?" त्यांनी सहज विचारलं आणि मी सुटलो. विहीर, जखम, पाकळ्या, सगळं. काका मान डोलवत ऐकत होते. मग खडा माझ्या हातातून हळूच काढून घेत म्हणाले, "मग हा नका नेऊ. याची अजून एकसुद्धा पाकळी गळली नाहीये. हा मी दाखवायला ठेवलाय." भाव नऊ हजारांवर गेला. साडेसात हजारांवर ठरला, आणि आपण घासाघीस छान केली म्हणून मी खूश! कापसात गुंडाळून देताना त्यांनी बजावलं, "पाणी लावू नका, तेज जातं."

हे वाक्य मला इतकं आवडलं की मी ते खेळात नियम म्हणून घातलं.

तिसऱ्या दिवशी आईने टीव्हीच्या टेबलावरची धूळ ओल्या फडक्याने पुसली. "अरे, तुझा दगड रंग सोडतोय." फडक्यावर गणपतीच्या मांडवातल्या जिलेटीन पेपरसारखा निळा डाग. भूशास्त्र शिकलेल्या मैत्रिणीला बोलावलं. तिने नेलपॉलिश रिमूव्हरमध्ये इअरबड बुडवून गोळ्यावर फिरवला. बड निळा, आणि खाली दिसले पांढरे, केसांसारखे मऊ तंतू. "ओकेनाइट आहे. हेही आपल्याच दख्खनच्या दगडातलं, पण असतं पांढरं. कापसाच्या बोंडासारखं असतं, त्यामुळे रंग मस्त पितं. कॅव्हनसाइटचा निळा व्हॅनेडियममुळे असतो, तो असा पुसला जात नाही." मग तिने खडा उलटा केला. खालच्या दगडाच्या बारीक भेगांतही निळा उतरला होता. हे मी बाजारातच पाहू शकलो असतो, फुकटात. नोटा तपासायच्या जांभळ्या दिव्याखाली बुडाशी एक पांढरट रेघ चमकली: डिंक. गोळा दगडात उगवलेलाच नव्हता, चिकटवलेला होता.

पुढच्या रविवारी काका नव्हते. बुधवारीही नव्हते. चौकीत पहिला प्रश्न आला, "बिल आहे का?" पैसे रोख दिले होते, कारण काका म्हणाले, "ऑनलाइन घेत नाही, रेंज नसते." तेव्हा माझ्या फोनला पूर्ण रेंज होती. तुम्ही असा खडा घेणार असाल तर आधी बिल मागा, खनिजाचं नाव त्यावर लिहून मागा, आणि ओला रुमाल खिशात ठेवा. विकणारा पाणी लावू देत नसेल तर उठा. आणि कशासाठी हवाय ते कृपा करून सांगू नका.

उरलेला रंग मी रिमूव्हरने काढून टाकला. शनिवारी तो खडा टेबलावर ठेवला, सगळ्या पाकळ्या गळलेला सांजमणी म्हणून. एक भिडू म्हणाला, "वा, एकदम खरा वाटतोय."